विद्यापीठाचे मौन आणि न्यायालयाची मुदत

विद्यापीठाने एखाद्या प्राध्यापकाची, कर्मचाऱ्याची किंवा विद्यार्थ्याची मागणी फेटाळली, तर निर्णयाची प्रत हाती पडते, तिच्यातील कारणे तपासता येतात आणि वरच्या दारी दाद मागता येते. परंतु मागणी मान्यही झाली नाही आणि फेटाळलीही गेली नाही, नुसते ‘प्रकरण विचाराधीन आहे’ एवढेच तोंडी ऐकू येऊ लागले, तर आव्हान नेमके कशाला द्यायचे, हा प्रश्न उभा राहतो. प्रशासकीय कायद्यात या अवस्थेला ‘निष्क्रियता’ म्हणतात आणि कायद्याने सोपवलेले काम न करणे ही, ते चुकीचे करण्याइतकीच, न्यायालयीन तपासणीस पात्र बाब मानली जाते. मात्र विलंबाविरुद्ध न्यायालय जे देते, ते बहुतेक वेळा अर्जदाराला हवा असलेला निकाल नसून निकाल देण्यासाठी विद्यापीठाला घालून दिलेली मुदत असते. हा फरक ज्याला नीट उमगतो, त्यालाच या उपायाचा योग्य वेळी आणि योग्य रीतीने उपयोग करता येतो. नांदेड आणि लातूर जिल्ह्यांतील उच्च शिक्षणाच्या व्यवस्थेवरून ही रचना समजून घेणे सोयीचे ठरते, कारण येथील एकाच प्रकरणाची फाईल अनेकदा महाविद्यालय, विद्यापीठ आणि शासन अशा तीन कार्यालयांतून फिरते.

दाद मागण्याची पहिली ठिकाणे

१९५८ मध्ये औरंगाबादेत स्थापन झालेल्या मराठवाडा विद्यापीठाच्या कार्यक्षेत्राचे विभाजन होऊन १७ सप्टेंबर १९९४ रोजी, म्हणजे मराठवाडा मुक्तिसंग्राम दिनी, नांदेड येथे स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठ अस्तित्वात आले आणि आज नांदेड, लातूर, परभणी व हिंगोली हे चार जिल्हे त्याच्या कार्यक्षेत्रात येतात. या विद्यापीठाला महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ लागू आहे, जो १ मार्च २०१७ पासून अमलात आला आणि ज्याने १९९४ च्या जुन्या अधिनियमाची जागा घेतली. तथापि याच दोन जिल्ह्यांतील सर्वच महाविद्यालये या विद्यापीठाची नाहीत: वैद्यकीय महाविद्यालये नाशिकच्या महाराष्ट्र आरोग्य विज्ञान विद्यापीठाला, कृषी महाविद्यालये परभणीच्या वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठाला आणि अनेक अभियांत्रिकी महाविद्यालये लोणेरे येथील डॉ. बाबासाहेब आंबेडकर तंत्रशास्त्र विद्यापीठाला जोडलेली आहेत. या प्रत्येक विद्यापीठाचा कायदा वेगळा आहे. त्यामुळे आपली तक्रार कोणत्या कायद्याखाली आणि कोणापुढे जाते, हे ठरवणे हीच पहिली पायरी असते.

२०१६ च्या अधिनियमाच्या कलम ७९ नुसार प्रत्येक विद्यापीठात तक्रार निवारण समिती असावी लागते आणि विद्यापीठातील व संलग्न महाविद्यालयांतील शिक्षक व इतर कर्मचारी यांच्या तक्रारी तिने शक्यतोवर तीन महिन्यांच्या आत निकाली काढाव्यात, अशी अपेक्षा त्या कलमात व्यक्त केली आहे. १९९४ च्या अधिनियमात हीच मुदत सहा महिन्यांची होती. या तरतुदीत दोन मर्यादा आहेत. पहिली अशी की, बडतर्फी, सेवासमाप्ती किंवा पदावनती यांसारखे विषय समितीकडे जात नाहीत. त्यांच्यासाठी विद्यापीठ व महाविद्यालय न्यायाधिकरण, म्हणजे अशाच सेवाविषयक वादांसाठी नेमलेले विशेष न्यायपीठ आहे आणि तेथे ३० दिवसांत अपील दाखल करावे लागते. दुसरी मर्यादा अशी की, राज्य शासन व त्याचे अधिकारी यांच्याविरुद्धच्या तक्रारी समितीच्या कक्षेबाहेर ठेवलेल्या आहेत. नांदेड विभागाच्या उच्च शिक्षण सहसंचालकांच्या कार्यालयात एखादी वेतननिश्चिती अडकली असेल, तर विद्यापीठाची समिती त्या कार्यालयाला काहीही सांगू शकत नाही.

विद्यार्थ्यांसाठीची व्यवस्था वेगळी आहे. विद्यापीठ अनुदान आयोगाने एप्रिल २०२३ मध्ये विद्यार्थी तक्रार निवारणाचे नवे विनियम अधिसूचित केले असून त्यांनुसार विद्यार्थी तक्रार निवारण समितीने तक्रार मिळाल्यापासून १५ कामाच्या दिवसांत आपला अहवाल शिफारशींसह द्यायचा असतो. त्या निर्णयाने समाधान न झाल्यास १५ दिवसांत लोकपालाकडे, म्हणजे सेवानिवृत्त कुलगुरू, अनुभवी सेवानिवृत्त प्राध्यापक किंवा माजी जिल्हा न्यायाधीश यांच्यातून नेमलेल्या स्वतंत्र अधिकाऱ्याकडे, अपील करता येते आणि लोकपालाने ३० दिवसांत निर्णय देण्याचा प्रयत्न करायचा असतो. कागदावर ही साखळी काही महिन्यांत संपणारी आहे. परंतु लोकपालच नेमलेला नसेल तर तिचे शेवटचे टोक हवेत राहते. जानेवारी २०२४ मध्ये आयोगाला लोकपाल न नेमणाऱ्या विद्यापीठांची यादीच प्रसिद्ध करावी लागली होती, यावरून हा प्रश्न देशभरात किती व्यापक होता हे दिसते.

परीक्षा आणि निकाल यांबाबतच्या तक्रारींसाठी ग्राहक आयोगाचा मार्ग पुष्कळांना सुचतो, कारण तेथील खर्च कमी असतो. मात्र बिहार शालेय परीक्षा मंडळाच्या २००९ मधील आणि हरियाणातील महर्षी दयानंद विद्यापीठाच्या २०१० मधील खटल्यांत सर्वोच्च न्यायालयाने असे ठरवले की, परीक्षा घेणे हे मंडळाचे किंवा विद्यापीठाचे वैधानिक कर्तव्य आहे, ती मोबदला घेऊन दिलेली सेवा नव्हे, आणि म्हणून परीक्षार्थी हा त्या अर्थाने ग्राहक ठरत नाही.

फाईल कोठे थांबते

विलंब प्रत्यक्षात कसा घडतो, हे एका कल्पित पण नेहमी घडू शकणाऱ्या प्रकरणावरून पाहता येईल. उदगीरच्या एखाद्या अनुदानित महाविद्यालयातील सहायक प्राध्यापकाची स्थाननिश्चिती, म्हणजे ठरावीक सेवेनंतर व गुणवत्तेच्या निकषांवर मिळणारी वरची श्रेणी, देय झाली आहे असे समजू. प्राध्यापकांच्या बोलण्यात तिला ‘कॅस’ म्हणतात. प्राध्यापक आपला प्रस्ताव महाविद्यालयात देतो, अंतर्गत गुणवत्ता हमी कक्ष त्याची छाननी करतो, प्राचार्य तो विद्यापीठाकडे पाठवतात, विद्यापीठ विषयतज्ज्ञ देते, निवड समितीची बैठक होते, तिच्या शिफारशीला विद्यापीठाची मान्यता मिळते आणि त्यानंतर प्रकरण वेतननिश्चितीसाठी सहसंचालक कार्यालयात जाते. यांपैकी प्रत्येक टेबलावर फाईल एखाद्या ‘त्रुटी’साठी परत येऊ शकते, त्रुटी पूर्ण करून ती पुन्हा पाठवली की आवक क्रमांक बदलतो आणि मूळ अर्ज किती वर्षांपूर्वीचा होता हे नव्या क्रमांकावरून कोणालाच कळत नाही. विलंबाचा खटला उभा राहतो तो याच आवक क्रमांकांवर व तारखांवर. त्यामुळे पोच घेतलेली प्रत, त्रुटीपत्रे आणि त्यांना दिलेली उत्तरे हाच अशा याचिकेचा खरा पुरावा असतो.

फाईल नेमकी कोणाकडे आहे हे शोधण्यासाठी माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ उपयोगी पडतो. त्याखाली साधारणपणे ३० दिवसांत टिपणीच्या, म्हणजे फाईलवर लिहिलेल्या शेऱ्यांच्या, प्रती मागता येतात. स्वतःच्या तपासलेल्या उत्तरपत्रिकाही या कायद्याने पाहता येतात, असे सर्वोच्च न्यायालयाने केंद्रीय माध्यमिक शिक्षण मंडळाच्या खटल्यात ऑगस्ट २०११ मध्ये स्पष्ट केले. सहसंचालकांच्या कार्यालयासारख्या शासकीय कार्यालयांना महाराष्ट्राचा २००५ चा बदल्यांचे विनियमन व विलंबास प्रतिबंध करणारा अधिनियमही लागू आहे, ज्याच्या कलम १० नुसार कोणतीही फाईल एका कर्मचाऱ्याकडे सामान्यतः सात कामाच्या दिवसांपेक्षा अधिक काळ पडून राहू नये आणि दुसऱ्या विभागाकडे पाठवण्याची गरज नसलेल्या प्रकरणात ४५ दिवसांत, तर तशी गरज असलेल्या प्रकरणात तीन महिन्यांत निर्णय व्हावा. याशिवाय महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ खाली ज्या सेवा रीतसर अधिसूचित झाल्या आहेत, त्या ठरलेल्या मुदतीत न मिळाल्यास विभागातच दोन अपिले आणि त्यानंतर सेवा हक्क आयोगाकडे तिसरे अपील करता येते. या तरतुदी न्यायालयाबाहेरच्या असल्या, तरी याचिकेत त्या फार मोलाच्या ठरतात, कारण कायद्यानेच मुदत सांगितली असेल तर ‘वाजवी वेळ’ म्हणजे किती, या वादात न्यायालयाला शिरावे लागत नाही.

खंडपीठ आणि महादेश

विद्यापीठाच्या निष्क्रियतेविरुद्धचा मुख्य न्यायालयीन उपाय म्हणजे संविधानाच्या अनुच्छेद २२६ खालील रिट याचिका. रिट म्हणजे उच्च न्यायालयाने सार्वजनिक प्राधिकरणाला काढलेला आज्ञालेख. त्याच्या पाच प्रकारांपैकी जो ‘कायद्याने सोपवलेले कर्तव्य पार पाडा’ असे फर्मावतो, त्याला महादेश म्हणतात आणि वकिलांच्या तोंडी त्याचे नाव ‘मँडॅमस’ असे आहे. ब्रिटिश हिंदुस्थानात असे आज्ञालेख काढण्याचा अधिकार कलकत्ता, मुंबई आणि मद्रास या तीन उच्च न्यायालयांपुरता मर्यादित होता. २६ जानेवारी १९५० पासून तो देशातील सर्व उच्च न्यायालयांना मिळाला, त्यांत मराठवाडा तेव्हा ज्याच्या कक्षेत होता ते हैदराबादचे उच्च न्यायालयही आले. १ नोव्हेंबर १९५६ रोजी मराठवाडा मुंबई राज्यात आला आणि नांदेड-लातूरच्या पक्षकाराला अशा कामासाठी थेट मुंबई गाठावी लागू लागली.

ही गैरसोय २७ ऑगस्ट १९८१ रोजी औरंगाबाद येथे मुंबई उच्च न्यायालयाचे कामकाज सुरू झाल्याने कमी झाली. मुख्य न्यायमूर्तींनी राज्य पुनर्रचना अधिनियमाखाली घेतलेला तो निर्णय न्यायालयातच आव्हानित झाला, परंतु सर्वोच्च न्यायालयाने १९८२ मध्ये तो वैध ठरवला आणि १९८४ मध्ये तेथे कायमस्वरूपी खंडपीठ झाले. त्याच सुमारास, ऑगस्ट १९८२ मध्ये, तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यातून लातूर जिल्हा वेगळा झाला. औरंगाबादचे नाव आता छत्रपती संभाजीनगर झाले आहे आणि नांदेड किंवा लातूरहून तेथपर्यंतचे अंतर सुमारे अडीचशे किलोमीटरचे असले, तरी विद्यापीठाविरुद्धच्या याचिकेसाठी मुंबईला जाण्याची वेळ आता येत नाही.

महादेश मिळण्यासाठी तीन गोष्टी दाखवाव्या लागतात: प्रतिवादी सार्वजनिक कर्तव्य बजावणारे प्राधिकरण आहे, ते कर्तव्य कायद्याने, परिनियमाने किंवा शासन निर्णयाने त्याच्यावर सोपवलेले आहे, आणि अर्जदाराने त्याच्याकडे स्पष्ट मागणी करूनही ते पार पाडले गेलेले नाही. विद्यापीठ कायद्याने निर्माण झालेले असल्याने पहिली अट आपोआप पुरी होते. प्रश्न येतो तो खासगी संस्थेच्या महाविद्यालयाबाबत आणि त्याचे उत्तर अहमदाबादच्या एका महाविद्यालयातील प्राध्यापकांच्या देय रकमांवरून झालेल्या खटल्यात, जो ‘अंडी मुक्ता’ या संक्षिप्त नावाने ओळखला जातो, सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्ये दिले. शासकीय अनुदानावर चालणारे आणि विद्यापीठाच्या नियमांनी बांधलेले महाविद्यालय सार्वजनिक कार्य करते, म्हणून ते चालवणाऱ्या खासगी विश्वस्त संस्थेविरुद्धही महादेश निघू शकतो, असा त्या निकालाचा सारांश आहे.

निर्णय घेणारे योग्य प्राधिकरण कोणते, हा मुद्दाही तितकाच महत्त्वाचा आहे आणि त्याचे उदाहरण खुद्द मराठवाड्यातच सापडते. नांदेडच्या विद्यापीठाची मातृसंस्था असलेल्या मराठवाडा विद्यापीठाच्या एका अधिकाऱ्यावर कुलगुरूंनी शिस्तभंगाची कारवाई केली आणि कार्यकारी परिषदेने पुढे तिला मंजुरी दिली. परंतु असा अधिकार कायद्याने परिषदेकडेच दिलेला होता, म्हणून जे कृत्य मुळातच अधिकाराबाहेर होते ते नंतरच्या मंजुरीने वैध होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्ये ठरवले. विलंबाच्या याचिकेत याचा अर्थ असा की, मागणी चुकीच्या अधिकाऱ्याकडे केलेली असेल तर तिच्यावरील मौनाला कर्तव्यच्युती म्हणता येत नाही, आणि योग्य मंडळाऐवजी भलत्यानेच घाईने दिलेला निर्णयही टिकत नाही. अर्जावर ‘मा. कुलगुरू’ लिहावे, ‘मा. कुलसचिव’ लिहावे की तक्रार निवारण समितीच्या नावे अर्ज द्यावा, याचे उत्तर म्हणूनच संबंधित कलमात शोधावे लागते.

याचिकेला विद्यापीठाकडून येणारे पहिले उत्तर बहुधा पर्यायी उपायाचे असते: कलम ७९ ची समिती किंवा लोकपाल उपलब्ध असताना अर्जदार थेट उच्च न्यायालयात का आला, असे विचारले जाते. पर्यायी उपाय असल्यास उच्च न्यायालय साधारणपणे हात आखडता घेते. मात्र हा न्यायालयाने स्वतःवर घातलेला संयम आहे, अधिकाराचा अभाव नव्हे, आणि मूलभूत हक्कांचा भंग, नैसर्गिक न्यायतत्त्वांची पायमल्ली किंवा अधिकारकक्षेचा अतिक्रम असेल तेथे तो आड येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९८ च्या व्हर्लपूल खटल्यात सांगितले आहे. विलंबाच्या प्रकरणात तर बचावाची ही बाजू आणखी लंगडी होते, कारण जो उपाय वापरायला सांगितले जाते त्याच समितीकडे अर्ज पडून आहे, हीच मुळात तक्रार असते.

आदेश कसा वाचावा

विलंबाच्या याचिकेवरील आदेश बहुधा एक-दोन पानांचा असतो आणि त्याचा गाभा पुढील आशयाच्या वाक्यात सामावलेला असतो: प्रतिवादीने याचिकाकर्त्याचे अमुक तारखेचे निवेदन कायद्यानुसार आणि गुणवत्तेवर, त्याला म्हणणे मांडण्याची संधी देऊन, आठ आठवड्यांत निकाली काढावे, गुणवत्तेबाबत न्यायालयाने कोणतेही मत व्यक्त केलेले नाही आणि सर्व मुद्दे खुले ठेवण्यात येत आहेत. या वाक्यातील प्रत्येक शब्दसमूहाला कायदेशीर वजन आहे. ‘अमुक तारखेचे निवेदन’ म्हटल्यामुळे कोणत्या मागणीवर निर्णय व्हायचा हे निश्चित होते, म्हणून निवेदनातून एखादी मागणी सुटली असेल तर ती आदेशातूनही सुटते. ‘कायद्यानुसार आणि गुणवत्तेवर’ याचा अर्थ निर्णय सकारण असावा. नुसते ‘विनंती मान्य करता येत नाही’ असे एका ओळीचे उत्तर पुरेसे नाही. ‘आठ आठवडे’ ही मुदत आदेशाची प्रत विद्यापीठाला मिळाल्यापासून मोजायची असेल, तर ती प्रत तातडीने पोहोचवून पोच घेण्याची जबाबदारी याचिकाकर्त्यावरच येते.

शेवटच्या भागाचा अर्थ मात्र पुष्कळदा चुकीचा लावला जातो. ‘मत व्यक्त केलेले नाही’ म्हणजे न्यायालयाने मागणी योग्य ठरवलेली नाही. ‘विचार करावा’ अशा आदेशाचा अर्थ ‘मंजूर करावे’ असा होत नाही, हे आंध्र प्रदेश राज्य मार्ग परिवहन महामंडळाच्या २००६ मधील खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने विस्ताराने समजावले आहे. विद्यापीठाने मुदतीत सकारण नकार दिला तर आदेशाचे पालन झाले असेच धरले जाते आणि त्या नकाराला नव्याने आव्हान द्यावे लागते. महादेशाने निर्णयाला गती येते, निर्णयाची दिशा ठरत नाही. जेथे प्राधिकरणापुढे निवडीला वावच उरलेला नाही, सर्व अटी पूर्ण झाल्या आहेत आणि कायद्याने एकच उत्तर शक्य आहे, तेथे न्यायालय प्रत्यक्ष लाभ देण्याचाही आदेश काढू शकते. भारताचे नियंत्रक व महालेखापरीक्षक यांच्याशी संबंधित १९८६ च्या एका निकालात ही व्यापक शक्ती मान्य केलेली आहे. याचिकेतील प्रार्थना म्हणूनच दोन थरांत मांडली जाते: मुख्य प्रार्थना लाभाची आणि पर्यायी प्रार्थना मुदतबद्ध निर्णयाची.

याचिकाकर्त्याचा स्वतःचा विलंब

विद्यापीठाच्या विलंबाची दाद मागणाऱ्याने स्वतः विलंब केला तर न्यायालय त्याला दारातूनच परत पाठवू शकते. रिट याचिकेला कायद्यात ठरावीक मुदत नसली, तरी अवाजवी उशीर हे ती फेटाळण्याचे कारण होऊ शकते. एस. एस. राठोड विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या खटल्यात सात न्यायमूर्तींच्या पीठाने १९८९ मध्ये असा नियम घालून दिला की, वैधानिक अपील किंवा निवेदन दिल्यावर सहा महिन्यांत निर्णय झाला नाही, तर त्या सहा महिन्यांच्या शेवटी दाद मागण्याचे कारण निर्माण झाले असे समजावे आणि कायद्यात तरतूद नसलेली निवेदने वारंवार देत राहिल्याने मुदत लांबत नाही. हाच सहा महिन्यांचा हिशेब प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ मध्येही आहे. नांदेड किंवा लातूरच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयातील कर्मचारी शासकीय सेवक असल्याने सेवाविषयक तक्रारीसाठी विद्यापीठाच्या समितीकडे न जाता महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या औरंगाबाद खंडपीठाकडे जातात आणि त्यांना तेथे या सहा महिन्यांनंतर साधारण एका वर्षाच्या आत अर्ज करावा लागतो.

जुने प्रकरण नव्या निवेदनाने उकरून काढण्याच्या प्रवृत्तीवर सर्वोच्च न्यायालयाने २००८ च्या सी. जेकब खटल्यात कडक शब्दांत बोट ठेवले. १९८२ मध्ये सेवा संपलेल्या कर्मचाऱ्याने १८ वर्षांनी निवेदन दिले, त्यावर ‘विचार करावा’ असा निरुपद्रवी वाटणारा आदेश मिळवला आणि पुढे आलेला नकार म्हणजे नवे कारण, असा दावा केला. तो न्यायालयाने मानला नाही. याला अपवाद आहे तो सतत चालू राहणाऱ्या अन्यायाचा. वेतन चुकीचे निश्चित झाले असेल तर दर महिन्याच्या पगारात तो अन्याय नव्याने घडतो आणि म्हणून उशिरा आलेली याचिकाही ऐकली जाते. मात्र त्याच वर्षीच्या तरसेम सिंग खटल्यानुसार अशा वेळी थकबाकी साधारणपणे याचिकेपूर्वीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते. वेतननिश्चितीसाठी दहा वर्षे कार्यालयात खेटे घालून मग याचिका करणाऱ्याला वाट पाहण्याची किंमत सात वर्षांच्या थकबाकीने मोजावी लागू शकते.

निकाल आणि प्रवेश

विद्यार्थ्याच्या बाबतीत विलंबाचे स्वरूप अधिक कठोर असते, कारण प्रवेशाची मुदत संपली की योग्य निर्णयही निरुपयोगी ठरतो. २०१६ च्या अधिनियमात परीक्षा संपल्यापासून ३० दिवसांत आणि कोणत्याही परिस्थितीत ४५ दिवसांत निकाल जाहीर करण्याचे बंधन आहे. २०१७ मध्ये मुंबई विद्यापीठाने उत्तरपत्रिकांची तपासणी संगणकाच्या पडद्यावर करण्याचा निर्णय ऐन वेळी घेतला, लाखो उत्तरपत्रिकांचे काम रखडले, कुलपतींनी, म्हणजे राज्यपालांनी, दिलेली ३१ जुलैची मुदतही उलटून गेली, विद्यार्थी उच्च न्यायालयात गेले आणि अखेर २४ ऑक्टोबर २०१७ रोजी राज्यपालांनी कुलगुरूंना पदावरून दूर केले. वैधानिक मुदत चुकल्याने कुलगुरूंवर कारवाई झाली, तरी ज्यांचे पुढचे प्रवेश हुकले त्यांचा वेळ त्या कारवाईने परत मिळाला नाही.

म्हणून अशा प्रकरणांत अंतरिम आदेशाला, म्हणजे याचिका प्रलंबित असताना मिळणाऱ्या तात्पुरत्या आदेशाला, मुख्य निकालाइतके महत्त्व येते. निकालाच्या अधीन राहून परीक्षेला बसू द्यावे किंवा एक जागा रिक्त ठेवावी, असे निर्देश त्यातून मिळू शकतात. वैद्यकीय प्रवेश चुकीने नाकारला गेल्यास काय करावे, याचा विचार सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०१९ मध्ये एस. कृष्णा श्रद्धा या खटल्यात केला आणि विद्यार्थ्याचा दोष नसेल व त्याने विनाविलंब न्यायालय गाठले असेल, तर अपवादात्मक परिस्थितीत त्याच वर्षी, ते शक्य नसल्यास पुढील वर्षी प्रवेश आणि जोडीला नुकसानभरपाई देता येईल, असे ठरवले. लातूरसारख्या, वैद्यकीय प्रवेशाच्या तयारीसाठी राज्यभरातून विद्यार्थी येणाऱ्या शहराला हा निकाल विशेष लागू पडतो.

गुणांच्या बाबतीत मात्र न्यायालये फार सावध असतात. महाराष्ट्र राज्य मंडळाच्या १९८४ मधील खटल्यात, नियमात तरतूद नसेल तर फेरतपासणीचा हक्क सांगता येत नाही आणि शैक्षणिक मूल्यमापनात न्यायालयाने आपले मत घुसवू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने म्हटले. फेरतपासणीचा अर्ज रखडला तर तो निकाली काढण्याचा आदेश मिळतो. पण गुण किती असावेत हे न्यायालय सांगत नाही. प्रक्रियाच दूषित झाली असेल तर गोष्ट निराळी. मुंबई विद्यापीठाच्या एका वैद्यकीय पदव्युत्तर परीक्षेतील गुणबदलाच्या याचिकेत उच्च न्यायालयाने ओढलेल्या ताशेऱ्यांमुळे मार्च १९८६ मध्ये तत्कालीन मुख्यमंत्री, लातूर जिल्ह्यातील निलंग्याचे शिवाजीराव पाटील निलंगेकर यांच्यावर राजीनामा देण्याची वेळ आली, ही महाराष्ट्राच्या राजकीय इतिहासातील नोंद त्या फरकाची साक्ष देते.

मुदत पाळली नाही तर

न्यायालयाने घालून दिलेली मुदत उलटूनही विद्यापीठ गप्प राहिले, तर न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ खाली अवमान याचिका करता येते. जाणूनबुजून आदेश न पाळणे याला दिवाणी अवमान म्हणतात. त्यासाठी सहा महिन्यांपर्यंत साधा कारावास, दोन हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही अशी शिक्षा आहे. मात्र अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत ही कारवाई सुरू व्हावी लागते. व्यवहारात अवमानाची नोटीस निघताच मुदतवाढीचा अर्ज येतो किंवा रखडलेला निर्णय होतो, आणि या उपायाचा खरा उपयोगही तोच आहे. निर्णय प्रतिकूल आला म्हणून अवमान होत नाही, कारण आदेश निर्णय देण्याचा होता. १९९६ च्या एका निकालानुसार असा निर्णय हे नव्या दाव्याचे कारण ठरते.

खर्चाच्या भीतीने हा मार्ग टाळणाऱ्यांसाठी विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ मध्ये तरतूद आहे. महिला, अनुसूचित जाती-जमातींतील व्यक्ती आणि दिव्यांग यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळू शकतो आणि त्यासाठीचा अर्ज नांदेड किंवा लातूरच्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडेही देता येतो.

या सर्व व्यवस्थेचा विचार केला तर असे म्हणावे लागते की, विलंबाविरुद्धचा न्यायालयीन उपाय परिणामकारक आहे, पण तो जे काम कार्यालयाने स्वतःहून करायचे तेच अडीचशे किलोमीटरचा प्रवास, वकिलाची फी आणि वर्ष-दोन वर्षांचा वेळ खर्चून करून घेतो. समितीची तीन महिन्यांची मुदत पाळून दिलेला सकारण नकारसुद्धा अर्जदाराला विद्यापीठाच्या मौनापेक्षा अधिक उपयोगाचा असतो, कारण त्याला पुढे जाता येते, आणि विद्यापीठालाही तो सोयीचा असतो, कारण त्याच्या बाजूची कारणे नोंदीवर येतात. अशा मुदती पाळल्या जाऊ लागेपर्यंत नांदेड-लातूरच्या प्रत्येक प्राध्यापकाने, कर्मचाऱ्याने आणि विद्यार्थ्याने एवढी शिस्त पाळावी: अर्ज योग्य प्राधिकरणाच्या नावे लेखी द्यावा, आवक क्रमांक व तारखेसह पोच घ्यावी, कायद्यातील मुदत उलटताच एक स्मरणपत्र द्यावे आणि सहा महिने पूर्ण झाल्यावर तोंडी आश्वासनांवर विसंबून न राहता वकिलाचा सल्ला घ्यावा.